मूठभर कोंडा

कर्वेनगर, पुणे
४ फेब्रुवारी २०२४

चि. दीपमाला हिस,
अनेक आशीर्वाद.

पाकिटावरचं अक्षर ओळखून तू हे पत्र बाजूला ठेवशील, याची मला कल्पना आहे. फोन तू उचलत नाहीस. मेसेज वाचल्याची खूण उमटते आणि पुढे काहीच होत नाही. पत्र निदान फाडेपर्यंत तरी हातात धरावं लागतं. पत्ता पूर्वाकडून घेतला. तिला रागावू नकोस. मावशीनं आईचा पत्ता मागितला तर पोरीनं काय करायचं?

इथे सगळं ठीक. माझा उजवा गुडघा जिना चढताना कुरकुरतो, उतरताना गप्प असतो. सोसायटीत पाण्याची बोंब आहे. टँकर किती वाजता येणार याची सूचना आमचे हे रोज फळ्यावर सुवाच्य अक्षरात लिहितात आणि टँकर आपल्या सोयीनं येतो. तुझी तब्येत कशी आहे? शाळेतून निवृत्त झालीस असं पूर्वा म्हणाली. मला ते तिच्याकडून कळावं, याला दोष माझाच.

आता लिहायला का बसले ते सांगते.

गेल्या मंगळवारी दुपारी दार वाजलं. बाहेर पंचविशीतली एक मुलगी उभी होती, पाठीला लॅपटॉपची सॅक. म्हणाली, "मी सुमय्या. कसबा पेठेतल्या रझियाबींची नात. तुम्हीच मंदाताई ना?" तिच्याकडे आपला पत्ता एवढाच होता : नारायण पेठ, प्रेसमधले नागोराव. बाबांना जाऊन अडतीस वर्षं झाली, घर पाडून इमारत झाली, तरी खालच्या किराणावाल्यानं तिला माझ्यापर्यंत पोचवलं.

तुला रझियाबी आठवतात का? कल्हई करणारे रज्जाकभाई, त्यांची बायको. तुझ्या लग्नात शेवटच्या रांगेत आईशेजारी बसल्या होत्या. त्यांनी तुला हिरव्या बांगड्या आणि साडी दिली होती, आणि कोण कुठली बाई एवढं का देते, असं तुझ्या सासूबाईंनी विचारलं होतं.

त्या आता अठ्ठ्याऐंशीच्या आहेत. दिवाळीपासून अंथरुणावर आहेत. फार दिवस नाहीत, असं डॉक्टरांनी घरच्यांना सांगितलंय. सुमय्या म्हणाली, "दादी रोज विचारते, माझी कोंडा आली का? आम्हाला काही क्लिअरच होईना. शेवटी अब्बा गिरणीतून पावशेर कोंडा घेऊन आले आणि तिच्या उशाशी ठेवला. तर अशी भडकली! म्हणाली, मी लेक मागतेय आणि तुम्ही मला गुराचं खाणं देताय."

सांगताना ती हसली. मग माझा चेहरा बघून थांबली.

गुरुवारी मी कसबा पेठेत जाऊन आले. दोन खोल्याच आहेत अजून, पण आता गॅलरीत वॉशिंग मशीन आहे. रझियाबींना दिसत नाही फारसं. मी "रझियाबी" म्हटलं तर आवाजावरून म्हणाल्या, "मंदा. एकटीच आलीस." प्रश्न नव्हता तो. मी बसले. त्या बराच वेळ श्वास गोळा करत राहिल्या, आणि मग जे बोलल्या ते जसंच्या तसं लिहिते, कारण ते तुझं आहे (वहिनी म्हणजे आपली आई) :

"वहिनींनी ती मला दिली. मी ती वहिनींना सांभाळायला दिली. मधल्या मधे त्या पोरीला कुणी विचारलंच नाही. मरायच्या आधी मला तिला विचारायचंय."

नंतर म्हणाल्या, "तू सांगितलंयस ना तिला सगळं? वहिनी म्हणाल्या होत्या, मंदा सांगेल."

मी म्हटलं, ती बडोद्याला असते.

दिली म्हणजे काय, सांभाळायला म्हणजे काय, असं तू विचारशील. पत्रात मांडण्यासारखी ती गोष्ट नाही. समोर बसून सांगेन. तू ये, एका दिवसासाठी ये. माझ्याकडे उतरायचं नसेल तर उतरू नकोस.

तुझी,
ताई

•

कर्वेनगर, पुणे
१९ फेब्रुवारी २०२४

चि. दीपमाला हिस,
अनेक आशीर्वाद.

तुझं कार्ड मिळालं. "कोंडा नावाची कोणी या पत्त्यावर राहत नाही." एक ओळ, खाली सहीसुद्धा नाही. तेहतीस वर्षं बडोद्यात काढलीस, तरी पुणं काही तुझ्यातून गेलेलं नाही.

समोर बसून सांगायचं म्हटलं होतं, पण तू येणार नाहीस, आणि रझियाबींचं जेवण आता चार चमचे पेजेवर आलंय. म्हणून लिहितेच.

तू सहा वर्षांची होतीस. शाळेचा पहिला दिवस. हजेरी घेताना बाईंनी नाव वाचलं, चष्मा वर केला आणि विचारलं, "कोंडा? मग पीठ कुठे ठेवलंत?" सगळा वर्ग हसला. पुढे चार वर्षं तुला वर्गात 'चाळण' म्हणत, आणि थोडी मोठी झाल्यावर पोरं डोकं खाजवून दाखवत. त्या पहिल्याच दिवशी तू घरी येऊन आईला विचारलंस, ताईचं नाव मंदाकिनी आणि माझं हे असं का? आई म्हणाली, "नाव आहे. नावाचं काय एवढं?" आणि उठून आत गेली.

आत जाऊन ती काय करत होती, ते मी बघितलं होतं. भिंतीकडे तोंड करून, पदराचा बोळा तोंडात धरून ती उभी होती.

आपल्या दोघींच्या मधे तिघं झाली, हे तुला माहीत नाही. माझ्यानंतर तीन वर्षांनी शुभंकर. मग सत्यशीला. मग श्रीनिवास. तिघंही अंगापिंडानं चांगली होती. तिघंही दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी हळदीसारखी पिवळी पडली आणि आठवडाभरात गेली. बाबा प्रेसमध्ये अक्षरांचे खिळे जुळवायचे. चांगली नावं त्यांना रोज हाताखालून जाताना दिसत. तिन्ही नावं त्यांनीच काढून ठेवली होती, बारशाआधी. घरात कोणी त्यांचा उच्चार करत नसे. मी करत असे, मनात, शाळेत जाताना, तिघं भावंडं बरोबर चालली आहेत असं समजून.

तू झालीस तेव्हा मी अकरा वर्षांची होते. मार्च महिना होता. पाचव्या दिवशी दुपारी बाबा कामावर गेल्यावर आईनं तुला दुपट्यात गुंडाळलं, मला चपला घालायला सांगितल्या आणि ओल्या बाळंतिणीनं भर उन्हात नारायण पेठेतून कसबा पेठेपर्यंत चालायला सुरुवात केली. मी तिच्या डोक्यावर छत्री धरली होती. वाटेत दोनदा ती पायरीवर टेकली.

आईच्या माहेरी, जिंतूरकडे, रीत होती. ज्या बाईची मुलं टिकत नाहीत तिनं नवं मूल विकून टाकायचं. ज्या बाईची सगळी मुलं जगली आहेत, अशा बाईला विकायचं, आणि किंमत म्हणून घ्यायचा मूठभर कोंडा. पीठ चाळल्यावर जे उरतं आणि कोणी मोजत नाही, ते. मग मुलाचं नावही तेच. मृत्यूनं डोकावून बघितलं तर त्याला वाटावं, हे मूल या घरचं नाही आणि याची किंमतही काही नाही. सहाव्या रात्री सटवाई कपाळावर लिहायला येते म्हणतात, म्हणून व्यवहार पाचव्या दिवशीच.

रझियाबींना आई ओळखत होती ती फक्त कल्हईच्या भांड्यांमुळे. त्यांची पाच मुलं होती, पाचही धडधाकट, आणि धाकटा अंगावर पीत होता. आईनं आपल्या नात्यातली, जातीतली बाई का नाही बघितली, असं मी पुढे एकदा विचारलं होतं. ती म्हणाली, "आपली घरं त्याला पाठ झाली होती."

रझियाबी तेव्हा बत्तिशीच्या असतील. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. त्यांना ही रीत ठाऊक नव्हती. त्या हसल्या नाहीत, नवऱ्याला विचारून सांगते म्हणाल्या नाहीत. आत गेल्या, मूठ भरून कोंडा आणला आणि आईच्या पदरात घातला. आईनं तुला त्यांच्या हातात दिलं. आणि तिथेच उंबऱ्याशी बसून आईनं तो कोंडा खाल्ला. कोरडाच. घास घशात अडकत होता, डोळ्यांत पाणी येत होतं, तरी पदर झटकून शेवटची चिमूट जिभेवर घेतली. रझियाबींनी पाणी पुढे केलं तर म्हणाली, आधी संपू दे. किंमत पोटात गेली की सौदा मोडता येत नाही.

माझ्या आयुष्यात मी अनेक देवळं बघितली आहेत. त्या उंबऱ्याशी मला जे वाटलं, ते पुन्हा कुठे वाटलं नाही.

त्यानंतर रझियाबींनी जे केलं, ते कुठल्याच रीतीत नव्हतं. तू रडायला लागलीस. त्या भिंतीला टेकून बसल्या आणि त्यांनी तुला पाजलं. आईला म्हणाल्या, "वहिनी, आमच्याकडे दुधाचं नातं रक्तासारखं असतं. आता हे नाटक नाही राहिलं. ही माझी आहे."

ती रात्र, त्यानंतरचा दिवस आणि सहावी रात्रही तू तिथेच होतीस. आमच्या घरी पाळण्यात आईनं वरवंटा दुपट्यात गुंडाळून ठेवला होता आणि ती तो झुलवत बसली होती. ज्याला कोणाला यायचं असेल त्यानं येऊन दगडावर लिहावं. बाबांना काय सांगितलं मला माहीत नाही. ते पाळण्याशेजारी मान खाली घालून बसले होते, एवढं आठवतं. सातव्या दिवशी सकाळी आई तुला आणायला गेली, तेव्हा रझियाबींनी तुला परत दिलं नाही, सांभाळायला दिलं. शब्द ठरलेले होते : माझी लेक आहे, तू नीट बघ.

आणि आईनं ते शब्द जन्मभर पाळले. दीपमाला, हे नीट वाच. तिनं तुला चारचौघांत कधी "माझी मुलगी" म्हटलं नाही. तुझा वाढदिवस केला नाही. दृष्ट काढली नाही, तीट लावली नाही. तू पहिली आलीस तेव्हा शेजारणीला म्हणाली, "असेल." माझ्या लग्नात तिनं मिरवून घेतलं आणि तुझ्या लग्नात कन्यादानाला मला आणि ह्यांना बसवलं, स्वतः मागच्या रांगेत जाऊन बसली. बाबा नाहीत म्हणून, असं लोकांना वाटलं. जी तिची नव्हती ती ती कशी देणार? जिची होती ती शेजारीच बसली होती. त्या मांडवात दोघींनी एकमेकींचा हात पदराखाली धरला होता. मी बोहल्यावरून बघत होते.

नियम असा होता की मुलाला यातलं काही सांगायचं नाही. कळलं की बंधन सुटतं. लग्नात ताटातल्या तांदळावर तुझं नवं नाव लिहिलं गेलं आणि तू खुशीनं जुनं टाकलंस, तेव्हा आई पंधरा दिवस धड जेवली नाही.

मी शिकलेली बाई आहे. कोंड्यानं कोणी वाचत नाही, हे मला कळतं. पुढे एका डॉक्टरांना सगळं सांगितलं तेव्हा त्यांनी कागदावर आकृती काढून समजावलं : आईचं रक्त निगेटिव्ह, बाबांचं पॉझिटिव्ह. पहिलं मूल निभावतं, नंतरची पिवळी पडतात. एखाद्याचं रक्त आईसारखं निघालं तर ते वाचतं. तुझं निगेटिव्ह आहे. तुझं रक्त आईचं, माझं बाबांचं. एवढंच ते. पण डॉक्टरांची आकृती बघितल्यावर माझं आश्चर्य कमी झालं नाही, वाढलं. आईला आकृती माहीत नव्हती. तिच्या हातात फक्त स्वतःचा हक्क होता, तेवढा तिनं सोडून दिला.

मागच्या आठवड्यात मी नाशिकला गेले होते. आईच्या माहेरच्यांच्या तीर्थोपाध्यायांकडे लांबट वह्या आहेत, यात्रेला आलेल्या प्रत्येक पिढीची नावं असलेल्या. मला हे नाव बघायचं होतं. गुरुजींनी दोन तास पानं उलटली. आईच्या पणजीचं नाव कोंडाबाई. त्याआधीही एक, मोडी अक्षरात. त्या पानांवर गुरुजींनी बोट ठेवून दाखवलं. एका यात्रेत माणसानं आपली चार मुलं लिहवली आहेत. नऊ वर्षांनी तोच माणूस पुन्हा आलाय, चारांतलं एकही नाव नाही, आणि त्या जागी एकच नाव आहे, कोंडा. गुरुजी म्हणाले, "मुलींची नावं आमच्याकडे सहसा लिहीत नसत. ही मात्र दिसते. लिहवून घेतलेली आहे." जावई घरीच ठेवला होता, म्हणून त्या कोंडाच्या मुलांची नावं पुढच्या पानावर सुरू होतात, आणि तिथून खाली उतरत उतरत आईपर्यंत येतात.

मी ते पान धरून बसून राहिले. ज्या नावाला तुझ्या बाई हसल्या, ते नाव नसतं तर त्या वहीत पुढे काही लिहायलाच उरलं नसतं. तू नसतीस आणि मीही नसते.

आता जे टाळत आले ते.

पहिल्या दिवशी शाळेतून आल्यावर तू आईनंतर मला विचारलंस. मी सतरा वर्षांची होते. आईनं शपथ घातली होती, त्यामुळे खरं सांगायचं नव्हतं. पण खोटं काहीही सांगता आलं असतं. मी म्हटलं, "तू नको होतीस म्हणून." का म्हटलं? त्या दिवशी आईनं पदर तोंडात धरलेला मी बघितला होता, आणि माझ्यासाठी ती कधी तशी उभी राहिली नव्हती. एवढंच कारण. सतरा वर्षांच्या मुलीचं.

दुसऱ्या खोट्याला मला वयाचाही आधार नाही. आई गेली त्याच्या चार दिवस आधी तिनं मला जवळ बोलावलं. म्हणाली, "पोर पन्नाशीला आली. आता भीती नाही. तिला सगळं सांग. माझ्या तोंडून निघायचं नाही, सवय गेली." तेराव्यानंतर तू बॅग भरत होतीस आणि मला विचारलंस, "आई शेवटी माझ्याबद्दल काही बोलली का?"

मी "नाही" म्हटलं.

त्या 'नाही'नंतर तू पुन्हा पुण्यात पाऊल ठेवलं नाहीस. नऊ वर्षं मी स्वतःला सांगत आले की तेव्हा वेळ चुकीची होती, फोनवर कसं सांगायचं, तू रागात होतीस. खरं असं आहे की आई जिला आपली म्हणते ती मी, हे एकच माझ्याकडे होतं. तुला सगळं सांगितलं असतं तर कळलं असतं की तिनं मला नुसतंच आपली म्हटलं, आणि तुझ्यासाठी म्हणणं सोडून दिलं. यातलं मोठं काय, ते मला अकराव्या वर्षापासून ठाऊक आहे.

मला क्षमा कर असं लिहिणार नाही. ते मागायला मी तुझ्याकडे नंतर येईन. आधी तू कसबा पेठेत जा. जिनं तुला घेतलं, ती अजून आहे, आणि तिला तुला काही विचारायचंय. उशीर माझ्यामुळे झालाय. त्याची शिक्षा तिला नको.

तुझी,
मंदा

•

कसबा पेठ, पुणे
८ मार्च २०२४

ती. ताईस,
नमस्कार.

पत्ता वाचून दचकू नकोस. तुझ्या घरापासून रिक्षानं अर्ध्या तासावर बसून तुला पत्र लिहितेय, कारण फोनवर मला तुझ्याशी बोलता येणार नाही, आणि तुझ्यासारखंच मलाही लिहिताना बरं जमतं.

परवा सकाळी गाडीतून उतरले ती थेट इथे. एका दिवसाचे कपडे आणले होते. सुमय्यानं मला दारात बघितलं आणि काही न विचारता तिच्या अब्बांना हाक मारली. ते साठीचे गृहस्थ. माझ्याकडे बघून म्हणाले, "मी धाकटा. कोंडा म्हणजे तुम्ही, हे मंदाताई येऊन गेल्यावर कळलं. तुमच्या वाटचं दूध मी प्यायलोय, की माझ्या वाटचं तुम्ही, ते अम्मीला विचारा." मला हसू आलं आणि मग ते थांबेना, आणि मग ते हसू राहिलं नाही.

रझियाबी झोपल्या होत्या. जाग आल्यावर त्यांनी माझा हात चाचपला. कोपरापासून बोटांपर्यंत, सावकाश, भांड्याला पोचा आलाय का बघतात तसा. म्हणाल्या, "उशीर केलास." मग तो प्रश्न विचारला. मला वाटलं होतं काहीतरी मोठं, अवघड असेल. त्या म्हणाल्या, "तुला न विचारता घेतलं होतं गं. चालेल ना?"

मी म्हटलं, चालेल.

त्यांनी डोळे मिटले. मला वाटलं संपलं. पण जरा वेळानं त्या बोलायला लागल्या, आणि ताई, हे तुला माहीत नाही. तुझ्या पत्रात सगळं आहे, हे नाही.

आई दर गुरुवारी दुपारी, घरचे बाहेर असताना, इथे यायची. आपल्याकडे कल्हईची भांडी किती होती? दोन पातेली आणि एक परात. तीच आलटून पालटून आणायची. उंबऱ्याशी बसायची, आत यायची नाही, आणि सुरू करायची : "तुमच्या लेकीला दात आला. तुमची लेक उभी राहिली. तुमच्या लेकीनं आज ताईचा हिशेब चुकला तो दुरुस्त केला." घरी जे तिला म्हणता येत नव्हतं ते सगळं ती इथे येऊन म्हणायची. सांभाळणारी बाई मालकिणीला खबर देते, त्याला कोण काय म्हणणार? मला विषमज्वर झाला तेव्हा ती इथे येऊन रडली. "तुमची लेक तापलीय, मला काही सुचत नाही," असं म्हणून रडली. घरी तिच्या डोळ्यांत मी कधी पाणी बघितलं नव्हतं.

बडोद्याहून मी महिन्याला एक पत्र टाकायचे. आईचं उत्तर दोन ओळींचं यायचं. मला वाटायचं ती ती वाचतही नसेल. ताई, ती पत्रं ती इथे आणून मोठ्यानं वाचून दाखवायची. रझियाबींना त्यांतली कितीतरी पाठ आहेत. पूर्वाच्या वेळी मी लिहिलं होतं की मुलगी झाली, नाक आईसारखं आहे. रझियाबींनी ते वाक्य म्हणून दाखवलं आणि पुढे म्हणाल्या, "इथे वहिनी थांबल्या. मग पुन्हा पहिल्यापासून वाचलं."

मी दोन दिवस ऐकतेय. त्या थकतात, झोपतात, उठतात, पुन्हा सांगतात. माझी आई माझ्याबद्दल काय बोलायची, हे छप्पन्नाव्या वर्षी, एका आंधळ्या होत आलेल्या बाईच्या तोंडून, चार चमचे पेजेच्या मधे मधे. असं काही जगात असू शकतं, हे मला अजून नीट पटत नाही.

एका दिवसाचे कपडे आणले होते, आता सुमय्याचे घालतेय. इतक्यात परत जाणार नाही.

तुझ्याबद्दल. सतरा वर्षांच्या मुलीला मी माफ केलं, ते काल रात्रीच. तेराव्यानंतरच्या 'नाही'चं मला अजून काही करता येत नाही. ते तसंच आहे. तू त्याची कारणं दिलीस, खोटी दिली नाहीस, एवढं मी मानते.

पण एक अडचण आहे. मी तीन ते पाच वर्षांची असतानाचं रझियाबींना सांगता येत नाही. त्या काळात रज्जाकभाई आजारी होते, त्या त्यांना घेऊन मिरजेला असायच्या, गुरुवार चुकले. तेव्हाचं फक्त तुला माहीत असेल. आई तेव्हा मला काय करायची, कशी बघायची, मी झोपल्यावर काही म्हणायची का. तू तिथे होतीस आणि तुझं लक्ष होतं, हे तुझ्या पत्रावरून मला कळलंय. तर येत्या गुरुवारी ये. गुडघा जपून, जिना अरुंद आहे. आणि आलीस की इकडच्या तिकडच्या गप्पा नकोत. बस आणि सांगायला लाग. काही गाळू नकोस. तुला ज्याचा हेवा वाटला होता ते तर मुळीच गाळू नकोस.

नाव मी बदलणार नाही. तेहतीस वर्षांची सही आहे, बँकेत आणि पेन्शनच्या कागदांवर तीच चालेल. पण या घरात मला वेगळी हाक मारतात, आणि मी ओ देते.

आईची मुलगी,
दीपमाला